सेंट जोसेफची वेदी घरी मांडायची असेल तर: न्यू ऑर्लिन्समधल्या सिसिलियन घरांची पद्धत

मार्चच्या १८-१९ तारखेला, संत जोसेफच्या सणाला, अमेरिकेतल्या न्यू ऑर्लिन्समध्ये फिरताना एखाद्या घराच्या दारावर हिरवी फांदी बांधलेली दिसते. फांदी दिसली की ओळख असो-नसो, सरळ आत जायचं. आत बैठकीच्या खोलीतला सोफा, टीव्ही सगळं हलवलेलं असतं आणि भिंतीला टेकून तीन पायऱ्यांची वेदी मांडलेली असते. वर संत जोसेफ, म्हणजे येशूचा सांभाळ करणारा सुतार पिता, खाली पाव, मासे, बिस्किटं, लिंबं. जेवल्याशिवाय सोडत नाहीत, पैसे मागत नाहीत आणि निघताना हातात छोटी कागदी पिशवी ठेवतात.

मी वसईची. आमच्याकडेही हा सण १९ मार्चलाच, पण चर्चमध्ये मिस्सा आणि घरी काहीतरी गोड, एवढ्यावर आटपतो. नोकरीनिमित्त इथे, लुइझियाना राज्यात, आले तेव्हा शेजारी एक आजी राहायच्या. त्यांचे आजोबा इटलीच्या सिसिली बेटावरच्या, पालेर्मोजवळच्या चेफालूहून आलेले. पहिल्या वर्षी त्यांनी मला फक्त अंजिरांची देठं काढायला बसवलं. पुढच्या वर्षी सारण, मग पाव. आता माझ्याकडेही पंचवीस माणसांची लहान वेदी असते. ती कशी मांडते ते क्रमाने सांगते. इथल्या एखाद्या चर्चमध्ये मदतीला जाणार असाल तरी हाच क्रम उपयोगी पडेल.

हे आलं कुठून

गोष्ट अशी सांगतात: मध्ययुगात सिसिलीत मोठा दुष्काळ पडला. लोकांनी संत जोसेफला साकडं घातलं, पाऊस पडला आणि पिकं आल्यावर गावाने गोरगरिबांसाठी जेवणाचं टेबल मांडलं. दुष्काळात तग धरून राहिलं होतं ते फावा नावाच्या शेंगेचं पीक, जे एरवी गुरांना घालायचे. म्हणून आजही वेदीवर फावाचे दाणे असतातच.

न्यू ऑर्लिन्सला ही चाल लिंबांच्या जहाजांच्या वाटेने आली म्हणायला हरकत नाही. पालेर्मो आणि न्यू ऑर्लिन्स यांच्यात लिंबू-संत्र्यांचा जुना व्यापार होता आणि एकोणिसाव्या शतकाच्या शेवटच्या वीस-पंचवीस वर्षांत त्याच मार्गाने माणसंही आली. लुइझियानाच्या उसाच्या मळ्यांना मजूर हवेच होते. शहरातल्या फ्रेंच क्वार्टर या जुन्या वस्तीचा खालचा भाग ‘लिटल पालेर्मो’ म्हणून ओळखला जाऊ लागला. स्वागत मात्र गोड नव्हतं. १४ मार्च १८९१ रोजी, म्हणजे सणाच्या पाच दिवस आधी, जमावाने तुरुंगात घुसून ११ इटालियनांना ठार मारलं. त्याबद्दल शहराच्या महापौरांनी अधिकृत माफी मागितली ती २०१९ साली. त्याच शहरात या लोकांनी अनोळखी माणसासाठी दार उघडं ठेवायचा सण टिकवला, याचं मला दर वर्षी नवल वाटतं.

आधी तारीख बघा

सण १९ मार्चचा, पण तो ईस्टरआधीच्या उपवासकाळात येतो, त्यामुळे कधीकधी सरकतो. १९ तारीख रविवारी आली तर चर्च तो सोमवारी, २० तारखेला, पाळतं. २०२३ साली तसं झालं, २०२८ साली पुन्हा होईल. ईस्टरच्या आधीच्या पवित्र आठवड्यात आला तर आधी घेतात. २००८ साली तो १५ मार्चला होता.

उपवासकाळामुळेच वेदीवर मांस नसतं. शुक्रवारी हा सण आला तर चर्चच्या नियमाने त्या दिवशी मांसाला मोकळीक मिळते, तरी वेदीवर ते कोणी ठेवत नाही. मासे, अंडी, भाज्या, पाव आणि गोडधोड एवढाच मामला.

आधी पानं मोजा, मग मागायला निघा

नवखी माणसं आधी सजावटीला लागतात. मीही लागले होते आणि पहिल्या वर्षी रेशमी फुलांवर जेवढा खर्च केला तेवढ्यात दहा माणसं जेवली असती. आधी ठरवा: किती जणांना वाढणार, आणि उरलेलं कुठे देणार. लहान वेदीला पंचवीस पानं पुरेत. अन्न घेणारी जागा, म्हणजे निवारा, वृद्धाश्रम, चर्चचं अन्नवाटप, महिनाभर आधी बोलून ठेवा. घरी शिजवलेलं अन्न सगळीकडे घेत नाहीत. माझी एका वर्षी ऐनवेळी अशी पंचाईत झाली होती.

मग मागणी. वेदी बहुतेक वेळा नवसाची असते: आजारातून कोणी उठलं, मुलगा युद्धावरून सुखरूप परत आला, काम मिळालं. नवस करणाऱ्याने सामान स्वतः विकत आणून थाटात वेदी मांडायची नसते. ते मागून आणायचं. घरोघरी जाऊन, दुकानदाराकडे, नातलगांकडे. ऐपत असली तरी मागायचं. आपल्याकडे देवीच्या नावाने पाच घरी जोगवा मागतात, ती कल्पना डोक्यात असेल तर हे लगेच समजेल. मला मात्र फार जड गेलं. आजी म्हणाल्या, “डार्लिन, लाज वाटते तेच तर द्यायचंय त्याला.” मी चार घरी गेले. एकीने अंडी दिली, एकाने ऑलिव्ह तेलाची बाटली, तिसरीने साखर. चौथ्या घरी दार उघडलं नाही, तेही चालतं.

जानेवारी संपता संपता मागायला सुरुवात करा, कारण बिस्किटांचं काम फेब्रुवारीतच लागतं.

फेब्रुवारी: कुचिदाती

कुचिदाती म्हणजे अंजिराच्या सारणाची बिस्किटं. ज्याला करंजीचा हात आहे त्याला ती दुसऱ्या घाण्यातच जमतात. डब्यात बंद करून फ्रीझरमध्ये महिनाभर छान राहतात, आयसिंग मात्र नंतर करायचं.

साधारण ६०-६५ नगांसाठी सारण: सुके अंजीर ५०० ग्रॅम, खजूर १५० ग्रॅम, मनुका १५० ग्रॅम, भाजलेले बदाम किंवा अक्रोड १०० ग्रॅम, एका संत्र्याची किसलेली साल आणि रस, मध २ टेबलस्पून, दालचिनी पूड १ टीस्पून, मिरपूड अर्धा टीस्पून, लवंगपूड पाव टीस्पून. मिरी वगळू नका. तिच्यामुळेच सारण नुसतं गोडमिट्ट लागत नाही. पुरंदरचे ताजे अंजीर कितीही चांगले असले तरी इथे चालत नाहीत, सुकेच हवेत. दोऱ्यात ओवलेले कडक अंजीर असतील तर देठ कापून पंधरा मिनिटं गरम पाण्यात ठेवा आणि कोरडे पुसा. आजींकडे हाताने फिरवायचं खिम्याचं यंत्र होतं. माझ्याकडे मिक्सर, पात्याला तेलाचा हात लावून थोडं थोडं फिरवते, नाहीतर गोळा होऊन मोटर रडते. सारण एक रात्र झाकून मुरू द्या.

पारीसाठी मैदा ५०० ग्रॅम, पिठीसाखर १५० ग्रॅम, थंड लोणी १७० ग्रॅम, बेकिंग पावडर २ टीस्पून, चिमूट मीठ. लोणी मैद्यात चोळून रव्यासारखं झालं की २ अंडी आणि लागेल तसं दूध (४-५ टेबलस्पून) घालून गोळा करा. तिंबत बसू नका. अर्धा तास फ्रिजमध्ये ठेवून चार इंच रुंदीची लांब पट्टी लाटा, मधोमध बोटाएवढी सारणाची वळकटी ठेवा, कडा दुमडा, जोड खाली करा, तिरके दीड इंचाचे तुकडे कापा आणि वर सुरीने दोन चिरा द्या. १८० अंश सेल्सियसवर १६-१८ मिनिटं. वरून रंग फार चढत नाही, म्हणून एक उलटून बघा. बूड सोनेरी झालं की झालं. सणाच्या दोन दिवस आधी पिठीसाखर आणि दुधाचं दाटसर आयसिंग लावून लगेच रंगीत साखरगोळ्या भुरभुरवा. ते सुकलं की गोळ्या चिकटत नाहीत, घरभर घरंगळतात.

जुन्या जाणत्या बायका याच पारीचे मोठे क्रूस, हृदय, पवित्र साक्रामेंताचं पात्र असे आकार करून वरच्या पारीत ब्लेडने जाळी कापतात आणि खालचं काळं सारण नक्षीसारखं दिसतं. मला ते अजून जमलेलं नाही.

पिन्योलाती, आणि माझी फजिती

हे तळलेल्या छोट्या गोळ्यांचे, साखरेच्या कॅरॅमलने बांधलेले सुळके. लहानपणी येशू पाइनच्या शंकूंशी खेळायचा म्हणे, त्याची ही आठवण. ३ अंडी, ३०० ग्रॅम मैदा, चिमूट मीठ. घट्ट भिजवा, पेन्सिलीएवढ्या वळ्या करा, हरभऱ्याएवढे तुकडे कापा, मध्यम आचेवर सोनेरी तळा. इथवर शंकरपाळ्यांचंच काम.

खरी परीक्षा पाकाची. २५० ग्रॅम साखर जाड बुडाच्या भांड्यात पाण्याशिवाय मंद आचेवर विरघळवायची. मधासारखा गडद रंग आला की गोळे त्यात टाकून ढवळायचं आणि ओल्या हातांनी पटापट सुळके वळायचे. मी उत्साहाने सगळे गोळे एकाच कढईत टाकले, पहिला सुळका कौतुकाने न्याहाळत बसले आणि मागे वळून बघते तो कढईत एक अखंड दगड! आजींनी तो हातोडीने फोडला. सुताराच्या सणाला शोभलं खरं.

तेव्हापासून एका वेळी तीन सुळक्यांपुरतंच घेते. एकाने ढवळायचं, दुसऱ्याने वळायचं. घट्ट व्हायला लागलंच तर तेलाचा हात लावलेल्या ट्रेमध्ये पसरून १२० अंशांच्या ओव्हनमध्ये पाच मिनिटं ठेवा, सैल होतं. ताजा कॅरॅमल उकळत्या तेलाइतकाच भाजतो. मुलांना लांब ठेवा आणि जवळ गार पाण्याचं भांडं असू द्या. दमट हवेत हे सुळके चिकट होतात, म्हणून दोनच दिवस आधी करून हवाबंद डब्यात.

तिळाची बिस्किटं, बडीशेपेच्या वासाची आयसिंगवाली छोटी बिस्किटं आणि स्फिंजे यांचीही वेदीवर जागा असते. स्फिंजे म्हणजे तळून साखरेत घोळवलेले पिठाचे मऊ गोळे. पहिल्यांदा खाल्ले तेव्हा मी आजींना सांगितलं, आमच्याकडे यांना फुगे म्हणतात. ते त्याच दिवशी तळायचे.

१७ मार्च: पाव

वेदीवर सगळ्यात आधी नजर जाते ती पावांवर. सुताराची शिडी, हातोडी, करवत, खिळे; संत जोसेफची काठी, दाढी, चपला; क्रूस आणि मुकुट. सिसिलीतल्या सालेमी गावात याच सणाला पावांची अख्खी कमान उभी करतात. आपण शिडी, काठी आणि क्रूस एवढ्यावर समाधान मानू.

मैदा १ किलो, कोमट पाणी सुमारे ५०० मिली, इन्स्टंट यीस्ट ७ ग्रॅम, मीठ १८ ग्रॅम, साखर ३० ग्रॅम, ऑलिव्ह तेल ५० मिली. पीठ पोळीच्या कणकेपेक्षा घट्ट हवं. सैल पीठ फुगून आकार गिळतं. माझी पहिली शिडी ओव्हनमधून बाहेर आली तेव्हा पायऱ्या एकमेकींना चिकटून तिची फळी झाली होती. बारा मिनिटं तिंबा, दीड तास फुगू द्या, आकार करा. शिडीच्या पायऱ्यांमध्ये वाटतं त्याच्या दुप्पट अंतर ठेवा. आकार दिल्यावर वीस-पंचवीस मिनिटंच थांबा, फेटलेलं अंडं लावा, तीळ शिंपडा आणि १९० अंशांवर ३०-३५ मिनिटं भाजा. पातळ टोकं आधी करपतात, त्यांच्यावर फॉइलची टोपी घाला. वाढायचा पाव याच पिठाचे साधे गोल करून वेगळा भाजा.

१८ मार्च: मांडणी

भिंतीला लागून मोठं टेबल, त्यावर मागे एक लांब खोका, त्यावर आणखी एक. या तीन पायऱ्या पवित्र त्रैक्याच्या, म्हणजे पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा यांच्या. सगळ्यावर पांढरी चादर. वरच्या पायरीवर संत जोसेफची मूर्ती किंवा तसबीर, बाजूला पांढरी लिली. त्याच्या काठीला फुलं फुटली होती अशी कथा आहे. खाली पाव आणि गोड पदार्थ, सगळ्यात खाली भाज्या, फळं, वाइनची बाटली, लिंबं, फावाची वाटी. एका कोपऱ्यात संत जोसेफकडचं मागणं लिहून टाकायला कागद आणि टोपली, दुसऱ्या कोपऱ्यात घरातल्या गेलेल्या माणसांचे फोटो. दाराला हिरवी फांदी.

एक सल्ला: वेदीवर प्रत्येक पदार्थाचं एकच ताट ठेवा, वाढप स्वयंपाकघरातून करा. लसूण-पावचुरा भरून शिजवलेले आर्टिचोक, शतावरीचं आम्लेट, आख्खा भाजलेला मासा हे सगळं शोभेला उत्तम, पण दोन तासांहून जास्त बाहेर राहिलेलं कोणाच्या पानात जाऊ नये. खाली मेणबत्त्या आणि वर लोंबणारी चादर हेही टाळा. मी सरळ बॅटरीच्या मेणबत्त्या लावते. आजींना त्या आवडायच्या नाहीत.

संध्याकाळी फादर येऊन वेदीला आशीर्वाद देतात. आशीर्वादाआधी वेदीवरचं काही उचलायचं नाही.

फावाचे दाणे

सुके दाणे १५० अंशांवर अर्धा तास ओव्हनमध्ये ठेवून खडखडीत करा. हे खायचे नाहीत. आशीर्वादानंतर एक दाणा पर्समध्ये ठेवला की पर्स कधी रिकामी राहत नाही असा समज आहे. माझ्या पर्समधल्याने अजून तरी बऱ्यापैकी साथ दिली आहे. सिसिलीत या दिवशी फावाचं घट्ट सूप, माक्कू, करतात. ते करणार असाल तर आधी विचारा: जी६पीडी या एन्झाइमची कमतरता असलेल्यांना फावा बाधतो, रक्तातल्या तांबड्या पेशी फुटतात. आपल्याकडेही ही कमतरता असलेली माणसं आहेत.

१९ मार्च: पास्ता मिलानेझे

नाव मिलानचं असलं तरी पदार्थ सिसिलीचा. पंचवीस जणांना पास्ता अडीच किलो.

मोठ्या पातेल्यात १५० मिली ऑलिव्ह तेलावर ३ कांदे, १० लसूण पाकळ्या आणि ३ फेनेलचे कांदे (बडीशेपेच्या झाडाचा पांढरा गड्डा) बारीक चिरून मऊ करा. गड्डे मिळाले नाहीत तर २ टीस्पून बडीशेप कुटून घाला. मग अँचोव्हीचे २ छोटे डबे. हा आपल्या मांदेलीच्या कुळातला मासा, तेलात विरघळून जातो. ३५० ग्रॅम टोमॅटो पेस्ट घालून तिचा रंग विटकरी होईपर्यंत परता. ही पायरी घाईत उरकली तर रस्सा आंबट राहतो. ३ किलो कुस्करलेले टोमॅटो, दीड लिटर पाणी, १०० ग्रॅम छोट्या काळ्या मनुका, १०० ग्रॅम चिलगोजे. मंद आचेवर दीड तास. शेवटच्या अर्ध्या तासात सार्डिनचे, म्हणजे तारलीचे, ६ डबे. मीठ अगदी शेवटी चाखून घाला, कारण अँचोव्ही खारटच असतो.

वरून चीज नाही. गरिबाघरी चीज कुठलं? त्या जागी मुद्रिका, म्हणजे भाजलेला पावचुरा, आणि तोच सुताराच्या कारखान्यातला लाकडाचा भुसा. शिळ्या पावाचा कोरडा बारीक चुरा ७५० ग्रॅम, तेल १०० मिली, मंद आचेवर शिऱ्याच्या रव्यासारखा सतत हलवत भाजा. बदामी झाला की मन म्हणतं पुरे. आणखी तीन मिनिटं थांबा, तपकिरी होऊ द्या. गॅस बंद करून ३ टेबलस्पून साखर. लगेच दुसऱ्या परातीत काढा, गरम भांड्यात तो भाजतच राहतो.

तुपा-तुपा

जेवणाआधी मुलांचं नाटक असतं. जोसेफ, मारिया आणि येशू झालेली तीन मुलं दार ठोठावतात. तुपा-तुपा म्हणजे आपलं ठकठक. पहिल्या दारी आतून आवाज येतो, जागा नाही. दुसऱ्या दारीही तेच. तिसऱ्या दारी सगळे मिळून दार उघडतात. घर लहान असेल तर पुढचं, मागचं आणि स्वयंपाकघराचं अशी तीन दारं पुरतात. या तिघांना आधी बसवून प्रत्येक पदार्थ चाखायला द्यायचा. ‘वीवा सान ज्युझेप्पे’, म्हणजे संत जोसेफचा जयजयकार, असा गजर झाला की मग बाकीच्यांची पंगत. मुलांना सकाळपासून उपाशी ठेवू नका. एका वर्षी आमचा जोसेफ दुसऱ्या दारीच रडायला लागला.

पानाचे पैसे घेत नाहीत. टोपलीत कोणी काही टाकलं तर ते गरिबांसाठी जातं. वेदीवरचं लिंबू मात्र चोरायचं असतं: लग्न जमत नसलेल्या मुलीने गुपचूप उचललं तर वर्षाच्या आत नवरा मिळतो म्हणे. त्यामुळे लिंबं जरा जास्तच ठेवा आणि मोजू नका.

निघताना द्यायच्या पिशवीत दोन-तीन बिस्किटं, फावाचा एक दाणा, संत जोसेफचं चित्र आणि आशीर्वादाच्या पावाचा तुकडा. पिशव्या पाहुण्यांच्या दीडपट भरा. फांदी पाहून आलेले लोक मोजण्यात नसतात.

वेदी उतरवताना

संध्याकाळी उतरवायला घ्या, दुसऱ्या दिवसावर ढकलू नका. शिजवलेलं अन्न आधी, गरम असतानाच बांधून, ठरलेल्या ठिकाणी. मग फळं, बिस्किटं, पाव. मागण्यांचे कागद न वाचता चर्चला द्यायचे. घरी एवढंच ठेवायचं: पावाचा एक तुकडा. वादळ आलं की तो मोडून, संत जोसेफचं नाव घेऊन अंगणात टाकतात.

तो तुकडा फ्रिजमध्ये ठेवू नका. दोन दिवस उघड्यावर कडक वाळवा आणि कापडी पुरचुंडीत बांधून ड्रॉवरमध्ये टाका. २०२१ च्या ऑगस्टमध्ये आयडा वादळ आलं, अख्ख्या शहराची वीज गेली आणि कित्येक दिवस आली नाही. मी पाव फ्रीझरमध्ये नीट लेबल लावून ठेवला होता. बाकीच्या सगळ्याबरोबर तोही काळ्या पिशवीत बांधून रस्त्याच्या कडेला ठेवावा लागला. आजी कुंपणापाशी आल्या, पुरचुंडी सोडली आणि आपल्या तुकड्यातला अर्धा मोडून माझ्या हातावर ठेवला.